सभासद काढणें म्हणजे वाळीत टाकणें नव्हे

कोंकणांतल्या शेतकऱ्याला ‘वाळीत टाकणें’ म्हणजे काय, हें समजावून सांगावें लागत नाहीं. विहिरीवर घागर लावूं द्यावयाची नाहीं, लग्नकार्याचें आमंत्रण द्यावयाचें नाहीं, मयताला खांदा द्यावयाचा नाहीं, पालखी त्या दारावरून पुढें न्यावयाची, न्हाव्यानें वस्तरा लावावयाचा नाहीं आणि वाण्यानें तेलमीठ द्यावयाचें नाहीं, हे सर्व प्रकार आमच्या वाडवडिलांनीं पाहिले व सोसले. या शिक्षेंतला सर्वांत जाचक भाग कोणता? पाणी तुटलें, शेजार तुटला, हें तर खरेंच. पण त्याहून मोठा जाच असा कीं, आपला गुन्हा काय, तो कोणी सांगितला, पुरावा कोणता आणि आपली बाजू मांडावयाची तर ती कोणापुढें, हें त्या कुटुंबास कधींच कळत नसे. चार माणसें देवळांत बसलीं, त्यांनीं मान हालविली आणि एक घर उठलें!

हा विषय आज हातीं घेण्याचें कारण असें. लांज्याच्या पेठेलगत आणि मुंबई-गोवा महामार्गाच्या अंगाला आतां मजल्यांच्या इमारती उभ्या आहेत. सातवली, भांबेड, वेरवली, प्रभानवल्ली अशा गांवचीं माणसें मुलांच्या शाळेसाठीं किंवा म्हाताऱ्यांच्या औषधपाण्यासाठीं लांज्यांत ब्लॉक घेतात. मुंबईस गेलेला आमचा चाकरमानी लालबाग-परळच्या गांवकीच्या खोलींतून निघाला आणि विरार, नालासोपारा, दिवा, डोंबिवली येथें सोसायटीच्या घरांत जाऊन राहिला. घर घ्यावयाचें तर कोणी काजूची बाग गहाण टाकली, कोणी बायकोचे दागिने मोडले, कोणी फंडाचा पैसा काढला. म्हणजे कष्टकरी माणसाची सारी जन्माची कमाई त्या चार भिंतींत अडकलेली असते. आणि त्या चार भिंतींचा धागा कोणत्या खुंटीला बांधलेला? गृहनिर्माण सहकारी संस्थेच्या सभासदत्वाला!

ह्या संस्थांच्या कमिट्यांत आतां आमचीच माणसें बसतात. शेतकऱ्याचा मुलगा चेअरमन होतो, सुताराचा मुलगा सेक्रेटरी होतो. ही अभिमानाची गोष्ट आहे. पण दुसऱ्यानें आपल्यावर केलेला अन्याय ओळखणें सोपें असतें. आपल्याच हातून दुसऱ्यावर होणारा अन्याय ओळखणें फार अवघड. जिन्यावरचें भांडण, पाण्याच्या टाकीवरून झालेला तंटा, थकलेला मेंटेनन्स, किंवा नुसता हिशेबाचा प्रश्न विचारला म्हणून आलेला राग, एवढ्यावरून ‘याला सोसायटींतून काढून टाका’ अशी भाषा सुरू होते. एका रात्रीं ठराव लिहिला जातो, पांच सह्या होतात, फळ्यावर नांव लागतें. वाळीत टाकण्याची जुनी रीत येथें कागद व शिक्का घेऊन आली, एवढाच फरक!

म्हणून आमच्या वाचकांना आम्ही स्पष्ट सांगतों कीं, असा ठराव कायद्यानें कवडीमोलाचा आहे. सभासद काढतां येतच नाहीं असें आमचें म्हणणें नाहीं. काढतां येतो, पण त्यास एक ठरलेली वाट आहे. ती वाट कोणती आणि ती तशी कां आंखली, हें प्रत्येक घरांत माहीत असलें पाहिजे.

प्रथम सहकाराचा थोडा इतिहास. आपल्या देशांत सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा १९०४ सालीं झाला, तो मुख्यतः सावकाराच्या पाशांतून शेतकऱ्यास सोडविण्यासाठीं. १९१२ सालीं तो कायदा वाढविला, तेव्हां कर्जाखेरीज इतर कामांसाठींहि संस्था काढतां येऊं लागल्या. या संधीचा फायदा प्रथम कोणी घेतला? १९१५ सालीं मुंबईस गांवदेवी भागांत सारस्वत मंडळींनीं आपली गृहनिर्माण संस्था उभी केली. श्रीपाद सुब्बराव तालमकी हे त्या कामांतले पुढारी. देशांतली ही पहिली सहकारी गृहनिर्माण संस्था मानतात. शिकलेल्या मंडळींनीं कायदा वाचला आणि घर बांधलें. आमच्या गिरणी कामगारानें त्याच मुंबईंत गांवकीच्या एका खोलींत वीस-वीस वळकट्या टाकून आयुष्य काढलें. हें मत्सरानें लिहीत नाहीं. कायदा वाचणाऱ्याला कायदा उपयोगी पडतो, एवढाच यांतला धडा आहे. पुढें मुंबई प्रांताचा स्वतंत्र कायदा १९२५ सालीं झाला आणि आज जो लागू आहे तो महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० सालचा. २०१९ सालीं त्यांत गृहनिर्माण संस्थांसाठीं एक वेगळें प्रकरण घालण्यांत आलें.

आतां सभासदत्व म्हणजे काय तें पाहूं. कोणी म्हणेल, दहा शेअरांचा एक कागद, त्यांत काय मोठें? त्या कागदाच्या आधारावरच ब्लॉकाचा ताबा उभा असतो. १९७५ सालीं रमेश हिंमतलाल शाह यांच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें कीं, सोसायटीच्या ब्लॉकांत राहण्याचा सभासदाचा हक्क ही नुसती मेहेरबानी नव्हे; ती विकतां येण्याजोगी व जप्त होण्याजोगी मालमत्ता आहे. म्हणजे सभासदाला काढणें हें क्लबांतून एखाद्याचें नांव कमी करण्यासारखें नाहीं. त्यामुळें एका कुटुंबाच्या डोक्यावरचें छप्पर हालतें. शिवाय कायद्याच्या ३५ व्या कलमाप्रमाणें काढलेल्या माणसाला एक वर्षपर्यंत त्या संस्थेंत परत घेतां येत नाहीं, इतकेंच नव्हे तर दुसऱ्या कोणत्याहि सहकारी संस्थेंत नव्यानें सभासद होतां येत नाहीं. निबंधकांनीं खास परवानगी दिली तरच अपवाद. शेतकरी बांधवांनीं याचा अर्थ नीट ध्यानांत घ्यावा. लांज्याच्या इमारतींत झालेल्या भांडणामुळें त्या माणसाला वर्षभर गांवच्या विकास सोसायटीचा नवा सभासद होऊन पीककर्ज मागतां येणार नाहीं! इतकी जबर शिक्षा पांच माणसांच्या रागावर सोडतां येईल काय?

कायद्यानें ती सोडलेली नाहीं. ३५ वें कलम आणि १९६१ सालच्या नियमांतील २८ वा व २९ वा नियम मिळून जी वाट सांगतात, ती अशी.

पहिली गोष्ट, कारण. संस्थेच्या हिताला किंवा तिच्या सुरळीत कामाला बाध आणणारें कृत्य सभासदानें केलेलें असलें पाहिजे. पैसे देण्यांत सतत कसूर करणें, संस्थेची अब्रू जाईल असें वागणें, अशीं कारणें नियमांत दिलीं आहेत. आदर्श उपविधींत आणखी सांगितलें आहे: खोटी माहिती देऊन संस्थेस जाणूनबुजून फसविणें, घराचा अनैतिक कामासाठीं उपयोग करणें, उपविधी मोडण्याची संवय लावून घेणें. यांतील ‘सतत’, ‘जाणूनबुजून’, ‘संवय’ हे शब्द वाचकांनीं अधोरेखित करून ठेवावे. एक हप्ता चुकला, भातलावणीला गांवीं गेल्यामुळें दोन महिने पैसे थकले, एकदां तोंडांतून वावगा शब्द गेला, एवढ्यानें कारण होत नाहीं. आणि हिशेब मागणें, वह्या पाहावयास मागणें, निबंधकाकडे तक्रार करणें, निवडणुकींत चेअरमनच्या विरुद्ध उभें राहणें, ह्या गोष्टी तर गुन्हा नसून सभासदाचे हक्क आहेत. हक्क बजावला म्हणून ज्याला काढतात, त्याचा गुन्हा नसतो, काढणाऱ्यांचा असतो.

दुसरी गोष्ट, नोटीस. काढण्याचा ठराव कोणा सभासदास आणावयाचा असेल तर त्यानें तसें चेअरमनला लेखी कळविलें पाहिजे. किंवा कमिटीनें स्वतः तसें ठरविलें पाहिजे. मग तो विषय सर्वसाधारण सभेच्या कार्यक्रमपत्रिकेवर घालावयाचा आणि ज्याच्याविरुद्ध ठराव आहे त्याला नोटीस द्यावयाची कीं, अमुक दिवशीं सभेस हजर राहा व तुम्हांस कां काढूं नये तें सांगा. नोटिशीच्या तारखेपासून एक महिना लोटण्यापूर्वीं ती सभा घेतां येत नाहीं.

एक महिना कशाला, असें उतावळे लोक विचारतात. त्यांना आमचें उत्तर असें कीं, कोंकणांतल्या माणसाचें घर एका ठिकाणीं आणि पोट दुसऱ्या ठिकाणीं असतें. ब्लॉक लांज्यांत, मालक मुंबईंत. किंवा ब्लॉक डोंबिवलींत आणि मालक लावणीसाठीं गांवीं. नोटीस हातीं पडावयास, पावत्या शोधावयास, जाणत्या माणसाचा सल्ला घ्यावयास, सुट्टी काढून गाडी पकडावयास महिना कांहीं फार नाहीं. गणपतीच्या आदल्या दिवशीं दाराला नोटीस चिकटवावयाची आणि घरांत सारे गांवीं गेलेले असतां सभा उरकून घ्यावयाची, ही हुशारी नव्हे. ही लबाडी आहे. नोटिशींतला आरोपहि मोघम नसावा. ‘तुमची वर्तणूक योग्य नाहीं’ एवढ्या वाक्याला कोण काय उत्तर देणार? कोणत्या महिन्याचे किती रुपये, कोणत्या तारखेचें कोणतें कृत्य, त्याला साक्ष कोणाची, हें लिहिलें तरच माणसाला उत्तर देतां येतें.

तिसरी गोष्ट, बाजू ऐकणें. हा या साऱ्या व्यवहाराचा प्राण आहे. सभासदाला सर्वसाधारण सभेपुढें आपली बाजू मांडण्याची संधी दिल्यावांचून झालेला ठराव वैध नाहीं, असें कलमांत साफ म्हटलें आहे. कमिटीच्या खोलींत बोलावून दम दिला म्हणजे बाजू ऐकली असें होत नाहीं. सर्व सभासदांपुढें ऐकली पाहिजे. तो हजर राहिला तर तोंडी, न आला व लेखी उत्तर पाठविलें तर तें उत्तर सभेनें विचारांत घेतलें पाहिजे. आम्ही तर म्हणूं कीं तें मोठ्यानें वाचावें, म्हणजे ज्याला अक्षर लागत नाहीं अशा म्हाताऱ्या सभासदालाहि तें कळेल. आणि ज्या सेक्रेटरीचें त्या माणसाशीं भांडण आहे, त्यानेंच अध्यक्षाच्या खुर्चीवर बसून न्याय करूं नये. फिर्यादी व न्यायाधीश एक झाले कीं निकाल आधींच लागलेला असतो.

चवथी गोष्ट, मतें. त्या कामासाठीं भरलेल्या सर्वसाधारण सभेंत हजर असलेल्या व मताचा अधिकार असलेल्या सभासदांपैकीं निदान तीन चतुर्थांशांनीं ठराव मंजूर केला पाहिजे. समजा, संस्थेचे सभासद ४० आहेत आणि सभेला असे २४ आले. तर १८ हात वर झाले पाहिजेत. १७ झाले तरी ठराव पडला. साधें बहुमत येथें चालत नाहीं, कारण साधें बहुमत कधींकधीं एका वाडीचें, एका भावकीचें किंवा एका जातीचें असतें. तीन चतुर्थांश गोळा करावयाचे तर भावकीबाहेरच्या माणसालाहि पटवून द्यावें लागतें.

पांचवी गोष्ट, निबंधकाची मान्यता. ठराव मंजूर झाला तरी तो लगेच अमलांत येत नाहीं. निबंधक, म्हणजे आमचे लोक ज्यांना रजिस्ट्रार म्हणतात ते, योग्य ती चौकशी करतील आणि मान्यता देतील, त्या तारखेपासून ठराव लागू होतो. तोंपर्यंत तो माणूस पुरा सभासद आहे. त्याला सभेची नोटीस गेली पाहिजे आणि त्याचें मत घेतलें पाहिजे. त्याचें पाणी तोडणें, त्याच्या म्हातारीला जिना चढतांना अडविणें, त्याच्या पोरांना अंगणांत खेळूं न देणें, हे प्रकार ठरावापूर्वीं तर नव्हेतच, नंतरहि कोणत्याहि कमिटीच्या अधिकारांत बसत नाहींत. निबंधकाच्या हुकुमावर पुढें अपिलाचीहि सोय आहे आणि त्याची मुदत दोन महिन्यांची आहे. ती मुदत घरीं बसून रडण्यांत घालवूं नये.

हे नियम म्हणजे केवळ कज्जेदलालांचें पोट भरण्याची सोय, असें कांहीं लोक म्हणतात. त्यांनीं आमच्या सीमाभागांतला एक खटला पाहावा. बेळगांवास लॉज व्हिक्टोरिया नांवाचें फ्रीमेसन लोकांचें मंडळ होतें. त्यांतून दावर नांवाच्या सभासदास काढलें. प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलें आणि १९६२ च्या डिसेंबरांत निकाल लागला. न्यायालयानें तत्त्व सांगितलें तें असें कीं, सभासद व मंडळ हे दोघेहि मंडळाच्या नियमांनीं बांधलेले आहेत. काढावयाचें तर नियमांप्रमाणेंच काढलें पाहिजे, मनांत आकस न ठेवतां काढलें पाहिजे आणि त्या माणसाला आपलें म्हणणें मांडण्याची रास्त संधी मिळाली पाहिजे. मात्र प्रत्येक बारीकसारीक नियमाच्या काना-मात्रेवरून निर्णय मोडावयाचा नसतो. या खटल्यांत दावर हरले. कां? तर आरोप कळविणें, उत्तर घेणें, सभेपुढें ठेवणें, ह्या मुख्य गोष्टी झाल्या होत्या म्हणून. यांत कमिट्यांसाठीं मोठा बोध आहे. रीतीनें केलेला निर्णय वरच्या कोर्टांतहि टिकतो; घाईनें केलेला निर्णय खऱ्या गुन्हेगाराविरुद्ध असला तरी कोसळतो आणि तो गुन्हेगार हार घालून घरीं परत येतो! बाजू ऐकणें हें आरोपीवर उपकार म्हणून करावयाचें नसून संस्थेच्या स्वतःच्या बळकटीसाठीं करावयाचें असतें.

दुसरा खटला मुंबईच्या फूटपाथवरच्या झोंपडीवाल्यांचा. ज्यांच्याजवळ ना शेअर, ना दाखला, ना सातबारा, असे ते लोक. महानगरपालिकेच्या कायद्यांत, रस्त्यावरचें अतिक्रमण नोटिशीशिवाय हटवितां येईल असें कलम होतें. १९८५ च्या जुलैंत ऑल्गा टेलिस यांच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें म्हटलें कीं, पोट भरण्याचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. ‘नोटिशीशिवाय हटवितां येईल’ याचा अर्थ ‘नोटीस देऊंच नये’ असा होत नाहीं. आणि ज्याच्यावर कुऱ्हाड पडावयाची त्याचें म्हणणें सामान्यतः आधीं ऐकलें पाहिजे. झोंपड्या हटविण्यास न्यायालयानें शेवटीं मनाई केली नाहीं, पण पावसाळा जाऊं द्या, ३१ ऑक्टोबरपर्यंत थांबा, असें सांगितलें. फूटपाथवर पडणाऱ्या माणसाचें देखील ऐकून घ्यावें लागतें, तर पदरचे पैसे मोजून शेअर घेतलेल्या शेतकऱ्याचें किंवा कारागिराचें कां ऐकूं नये?

आमच्या समाजाला ह्या तत्त्वाचें मोल इतरांहून अधिक कळावयास पाहिजे. १८४९ सालीं जोतीराव व सावित्रीबाई यांना स्वतःच्या घरांतून बाहेर पडावें लागलें. गुन्हा काय? मुलींना व अस्पृश्यांना शिकविणें. गोविंदरावांनीं मुलाला घराबाहेर काढलें तें रागानें नव्हे. भोंवतालच्या लोकांच्या दडपणामुळें काढलें. त्या नवराबायकोची बाजू कोणत्या सभेंत ऐकली गेली होती? उलट १८९० सालीं पुण्यास पंचहौद मिशनमध्यें रानडे, टिळक वगैरे बड्या मंडळींस चहा देण्यांत आला आणि ग्रामण्य उभें राहिलें. तेव्हां मात्र शंकराचार्यांकडून चौकशीचें मंडळ नेमलें गेलें, शास्त्रार्थ झाला, वादप्रतिवाद झाला आणि प्रायश्चित्तावर सारें मिटलें. चहाच्या एका पेल्यासाठीं बड्यांना चौकशी मिळाली. गरीब कुणब्याला, तेल्याला, चांभाराला जन्माच्या बहिष्कारासाठींहि ती मिळत नसे. चौकशी ही बड्यांची चैन नाहीं, ती गरिबाचीच गरज आहे; कारण बड्याला दुसरे दहा आधार असतात, गरिबाला एवढा एकच.

सरकारलाहि हें उशिरां कां होईना उमगलें. मुंबई राज्यानें १९४९ सालीं समाजांतून बहिष्कृत करण्यास बंदी घालणारा कायदा केला होता. १९६२ सालीं सर्वोच्च न्यायालयानें तो धर्मस्वातंत्र्याच्या मुद्द्यावर रद्द ठरविला, सरन्यायाधीश सिन्हा यांचें मत मात्र विरुद्ध पडलें. त्यानंतर कोंकणांत, विशेषतः रायगड जिल्ह्यांत, गांवकीनें कुटुंबें वाळीत टाकल्याच्या तक्रारी वाढत गेल्या आणि महाराष्ट्रानें सामाजिक बहिष्काराविरुद्धचा २०१६ चा कायदा केला. तो २०१७ च्या जुलैपासून अमलांत आहे. जातपंचायतीच्या वा समाजाच्या नांवानें कोणास वाळीत टाकल्यास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी त्यांत शिक्षा आहे. गांवांत जें करणें गुन्हा ठरलें, तें इमारतींत सोसायटीच्या शिक्क्याआड करूं पाहणाऱ्यांनीं हें लक्षांत ठेवावें.

आतां दुसरी बाजूहि न्यायानें मांडली पाहिजे. कमिटीवाले विचारतील, ‘एक माणूस दोन-दोन वर्षें पैसे देत नाहीं, पाण्याच्या पंपाचें बिल आम्ही भरावयाचें, झाडूवाल्याचा पगार आम्ही द्यावयाचा; त्याला काय ओवाळावें?’ हा प्रश्न रास्त आहे. फुकट्या माणसाचा भार शेवटीं गरीब सभासदावरच पडतो, आणि असा फुकट्या गरीब असतोच असें नाहीं. पुष्कळदां तो चांगला पैसेवाला असतो. पण थकबाकीवर कायद्यानें वेगळें औषध दिलें आहे. संस्थेनें निबंधकाकडे अर्ज करून वसुलीचा दाखला मिळवावा. त्या दाखल्यावर जमीनमहसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते, जप्तीहि होते. थकलेल्या रकमेवर उपविधींप्रमाणें व्याजहि घेतां येतें. ज्याचे पैसे हवेत त्याच्याकडून पैसेच वसूल करावे. त्याचें घर घेऊं नये. घाव गळवावर घालावा, गळ्यावर नव्हे. सभासदत्व काढणें हें शेवटचें हत्यार आहे. दुसरे सर्व उपाय थकल्यावर आणि संस्थेचें जगणेंच मुष्कील झाल्यावर तें उचलावें.

आणखी एक प्रकार आहे, त्यांत ठरावहि होत नाहीं, नोटीसहि नाहीं. माणूस गुपचूप वगळला जातो. सभासद मरण पावतो आणि त्याची विधवा गांवीं असते. दीर किंवा पुतण्या अर्ज करतो आणि कमिटी त्याचें नांव लावून मोकळी होते. बिचारीला वर्षभरानें कळतें कीं, घर आपलें राहिलें नाहीं. २०१९ च्या दुरुस्तीनें याची वाट घालून दिली आहे. मृत्युपत्र, वारसाचा दाखला किंवा कुटुंबांतील वांटणीचा रीतसर कागद यांच्या आधारावर सभासदत्व पुढें जातें. ज्याचें नामनिर्देशन आहे त्याला तोंपर्यंत तात्पुरता सभासद म्हणून घ्यावयाचें. तात्पुरता म्हणजे मालक नव्हे. म्हणून आमच्या भगिनींना आमची विनंति आहे कीं, नवऱ्याच्या हयातींतच शेअरच्या दाखल्यावर आपलें नांव जोडीनें घालून घ्या. निदान नामनिर्देशनाच्या कागदावर कोणाचें नांव आहे तें एकदां डोळ्यांनीं पाहा. आणि कमिट्यांना आमचें सांगणें आहे कीं, मयताच्या घरांतलें नांव बदलण्यापूर्वीं त्याच्या बायकोला पत्र टाका व तिचें ऐका.

सभासदांनींहि आपलें कर्तव्य ओळखावें. हक्काची भाषा बोलणाऱ्यानें हप्ता वेळेवर भरावा. दिलेल्या प्रत्येक पैशाची पावती घ्यावी आणि ती सातबाऱ्याच्या उताऱ्याइतकी जपून ठेवावी. गांवचा व मुंबईचा दोन्ही पत्ते संस्थेंत लिहून द्यावे, म्हणजे ‘नोटीस पाठविली, पण पोंचली नाहीं’ ही सबब उरणार नाहीं. नोटीस आली तर ती फाडून फेंकूं नये व घेण्याचें नाकारूंहि नये. लेखी उत्तर द्यावें, त्याची पोंच घ्यावी आणि दोन साक्षीदार घेऊन सभेस जावें. तेथें शिवीगाळ करूं नये. शिवी दिली कीं खरें म्हणणेंहि खोटें पडतें आणि विरोधकांना आयतें कारण मिळतें. ठराव विरुद्ध गेला तर त्याची नक्कल मागावी आणि निबंधकांपुढें आपली हरकत लेखी नोंदवावी.

आणि सभेला येणाऱ्या बाकीच्या मंडळींना सर्वांत शेवटीं सांगावयाचें तें हें. अन्याय करणारे नेहमीं चारपांचच असतात. बाकीचे तीस-पस्तीस ‘आपल्याला काय करावयाचें आहे’ म्हणून हात वर करतात किंवा मान खालीं घालतात. असा मुकाट हात वर करणें म्हणजे तटस्थ राहणें नव्हे. ज्याला काढावयाचें आहे त्याचें आरोपपत्र आम्ही वाचलें काय, त्याचें उत्तर ऐकलें काय, एवढे दोन प्रश्न एकट्या माणसानें उभें राहून विचारले तरी पुष्कळशा अन्यायी ठरावांचा तेथेंच निकाल लागतो. ते विचारावयास वकिली लागत नाहीं. थोडें धैर्य लागतें.

दरवर्षीं ३० सप्टेंबरपर्यंत संस्थांच्या वार्षिक सभा व्हावयाच्या असतात. लांज्यांतील आणि लांज्याबाहेर राहणाऱ्या आमच्या सर्व वाचकांनीं यंदाच्या सभेंत आपल्या संस्थेच्या उपविधींचें पुस्तक मागून घ्यावें आणि सभासद काढण्याविषयींचा भाग सर्वांसमोर मोठ्यानें वाचावयास लावावा. भांडण नसतांना वाचलेला नियम सर्वांना पटतो. भांडण पेटल्यावर तोच नियम कोणालाहि ऐकूं येत नाहीं. सहकार म्हणजे एकमेकांच्या आधारानें उभें राहणें. तो आधार काढून घ्यावयाची पाळी आलीच तर ती उघड्या सभेंत, पुरी मुदत देऊन आणि त्या माणसाच्या डोळ्याला डोळा भिडवून काढून घ्यावी. ज्या संस्थेला एवढें करतां येत नाहीं, तिनें आपल्या पाटीवरचा ‘सहकारी’ हा शब्द पुसून टाकावा.